आयात यंत्रावरची कस्टम ड्युटी: माझा अंदाज आणि एजंटचा आकडा यांत ५८ हजारांचा फरक का?

हळद_उद्योग_सांगली

नमस्कार मंडळी. सांगलीत हळद-मसाले दळून पाऊच भरायचा छोटा कारखाना आहे. चीनमधून पावडर भरून पाऊच सील करणारं यंत्र मागवायचं ठरतंय. किंमत ८,००० डॉलर, एफओबी शांघाय (म्हणजे शांघायला जहाजावर चढवून, पुढचं भाडं-विमा सोडून). एलसीएलने (इतरांच्या मालासोबत एकाच कंटेनरमध्ये) न्हावा शेवा, तिथून ट्रकने सांगली. डॉलर ९० रुपये धरला आहे.

माझा हिशेब असा: ७,२०,००० रुपयांवर ड्युटी ७.५ टक्के आणि जीएसटी १८ टक्के, मिळून २५.५ टक्के, म्हणजे १,८३,६०० रुपये. एजंटने कळवलेला आकडा २,४१,८७७ रुपये. फरक ५८,२७७ रुपयांचा! बँकेत कर्जाची फाइल याच अंदाजावर द्यायची आहे. नक्की कुठे काय चुकतंय?

बंदरकर

ताई, दोन्ही आकडे बाजूला ठेवा. ड्युटी एफओबीवर लागत नाही, सीआयएफवर लागते. म्हणजे मालाची किंमत + भाडं + विमा. आणि टक्के एकमेकांत मिळवायचे नसतात, एकावर एक चढवायचे असतात. क्रम असा:

१. सीआयएफ रुपयांत काढा. ही 'असेसेबल व्हॅल्यू'.
२. तिच्यावर मूळ सीमाशुल्क (बीसीडी), इथे ७.५ टक्के.
३. समाजकल्याण अधिभार १० टक्के, पण बीसीडीच्या रकमेवर, मालाच्या किमतीवर नाही.
४. या तिन्हींच्या बेरजेवर आयजीएसटी (आयातीवरचा जीएसटी) १८ टक्के.

भाडं किती सांगितलंय फॉरवर्डरने (माल पाठवण्याची व्यवस्था करणाऱ्याने)? विमा काढलाय का?

हळद_उद्योग_सांगली

भाडं १५० डॉलर. विमा अजून नाही. एजंटला फक्त प्रोफॉर्मा (विक्रेत्याचं कच्चं बिल) पाठवला होता, भाड्याचं काही कळवलं नव्हतं.

हिशेबनीस

मग गाठ सापडली. सीमाशुल्क मूल्यनिर्धारण नियम २००७ मधला नियम १० सांगतो की भाडं कळत नसेल तर एफओबीच्या २० टक्के धरायचं आणि विमा कळत नसेल तर एफओबीच्या १.१२५ टक्के. तुमच्या एजंटने तेच केलंय:

७,२०,००० + १,४४,००० + ८,१०० = ८,७२,१००
त्यावर एकूण २७.७३५ टक्के = २,४१,८७७

खरं भाडं धरून (१५० × ९० = १३,५००):

असेसेबल व्हॅल्यू: ७,२०,००० + १३,५०० + ८,१०० = ७,४१,६००
बीसीडी ७.५ टक्के: ५५,६२०
अधिभार: ५,५६२
आयजीएसटीचा पाया: ८,०२,७८२
आयजीएसटी १८ टक्के: १,४४,५०१
एकूण: २,०५,६८३

२७.७३५ कुठून आले? १.०८२५ गुणिले १.१८, वजा १. बीसीडी ७.५ आणि आयजीएसटी १८ असलेल्या कुठल्याही मालाला हाच गुणक चालतो. बीसीडी १० असेल तर १.११ × १.१८, म्हणजे ३०.९८ टक्के.

थोडक्यात, एजंटचा हिशेब नियमाला धरून आहे, त्याच्या हातात भाड्याचा कागद नव्हता एवढंच. फॉरवर्डरकडून भाड्याचं प्रमाणपत्र घ्या. त्या एका कागदाची किंमत इथे ३६,१९४ रुपये आहे.

डोंबिवली_फास्ट

मी एक टक्का लँडिंग चार्जेस (बंदरावर माल उतरवण्याचा खर्च) पण धरायचो. ते कुठे गेले?

हिशेबनीस

@डोंबिवली_फास्ट, सप्टेंबर २०१७ मध्ये नियम बदलला, तेव्हापासून तो काल्पनिक एक टक्का नाही. जुन्या एक्सेल शीटमध्ये अजून असतो, काढून टाका. तसाच शिक्षण उपकर. तो २०१८ च्या अर्थसंकल्पात गेला आणि त्याच्या जागी हा अधिभार आला. दोन्ही लावणारी शीट दिसली की ती मुळापासून नवी केलेली बरी.

उरणचा_पाटील

ड्युटीचा आकडा तरी नियमात बसवता येतो. एलसीएलमध्ये खरा खड्डा पुढे आहे. चीनकडून न्हावा शेव्याला एलसीएलचं समुद्रभाडं नाममात्र सांगतात, कधी शून्यसुद्धा. वसुली इथे उतरल्यावर होते: टीएचसी (टर्मिनलवरची हाताळणी), डीओ (माल सोडण्याचा आदेश) फी, बीएल (जहाजाची मालपावती) फी, सीएफएसचे (बंदराबाहेरच्या कंटेनर गोदामाचे) डीस्टफिंग म्हणजे कंटेनर रिकामा करणं आणि हाताळणी, कागदपत्र शुल्क, वर प्रत्येकावर १८ टक्के जीएसटी. भाडं १५० डॉलर ऐकून माल चढवायला सांगितला की मग डीओ हातात घेण्यासाठी जे मागतील ते द्यावं लागतं, कारण तोवर माल त्यांच्या ताब्यात असतो.

त्यामुळे माल चढण्याआधी फॉरवर्डरकडून लेखी घ्या: 'न्हावा शेवा इथले सर्व शुल्क डीओ मिळेपर्यंत, प्रति घनमीटर इतके आणि प्रति बीएल इतके'. तोंडी नको, ईमेलवर. आणि सीएफएसचे मोफत दिवस किती, त्यानंतर दर दिवसाला काय, तेही त्याच ईमेलमध्ये.

आणखी एक. शून्य भाड्याचं प्रमाणपत्र घेऊन कस्टममध्ये जाऊ नका. अधिकारी प्रश्न विचारणारच, आणि फाइल २० टक्क्यांवर जाऊन बसेल.

रोस्टर_पुणे

पाटीलसाहेबांना दुजोरा. जोडीला घनमीटरचा घोळ सांगतो. विक्रेता यंत्राचं माप देतो, पेटीचं नाही. समजा यंत्र १४० × ९० × १२० सेंमी: १.५१ घनमीटर. लाकडी पेटीत बसल्यावर १६० × ११० × १४०: २.४६ घनमीटर. एलसीएलमध्ये वजन (टनांत) आणि घनमीटर यांतला जो आकडा मोठा त्यावर पैसे. यंत्र ४८० किलोचं असेल तर ०.४८ विरुद्ध २.४६, म्हणजे २.४६ वर. विक्रेत्याकडून पॅक केलेल्या पेटीचं माप आणि वजन मागा, मगच फॉरवर्डरला विचारा.

पेटीच्या लाकडावर आयएसपीएम-१५ चा शिक्का हवा (गव्हाच्या ओंबीचं चिन्ह, देशाचा कोड, एचटी म्हणजे उष्णतेची किंवा एमबी म्हणजे धुरीची प्रक्रिया). नसेल तर प्लांट क्वारंटाइनमध्ये अडकतं आणि सीएफएसचं भाडं चालू राहतं. पेटी बंद व्हायच्या आधी शिक्क्याचा फोटो मागवून घ्या.

कोल्हापुरी_चप्पल

एवढा हिशेब करण्यापेक्षा विक्रेत्याला सांगून बिल ४,००० डॉलरचं करून घ्या की. सगळेच करतात.

बंदरकर

नाही. सगळे करत नाहीत, आणि ताईंनी तर अजिबात करू नये. पैसे बँकेतून ८,००० जाणार आणि बिल ऑफ एंट्री (कस्टमला सादर करायचं आयातीचं पत्रक) ४,००० ची येणार. बँक प्रत्येक परदेशी रक्कम रिझर्व्ह बँकेच्या आयडीपीएमएस प्रणालीत बिल ऑफ एंट्रीशी जुळवते. उरलेले ४,००० तिथे उघडे पडून राहतात. दुसरीकडे कस्टमकडे त्याच मालाच्या इतर आयातींच्या किमती असतात. शंका आली की त्याच मूल्यनिर्धारण नियमांतल्या नियम १२ खाली जाहीर किंमत नाकारतात. मग सीमाशुल्क कायद्याच्या कलम १११ (एम) खाली माल जप्तीस पात्र, ११४ए खाली चुकवलेल्या ड्युटीएवढा दंड, वर व्याज. शिवाय यंत्र हिशेबाच्या वहीत निम्म्या किमतीला येतं, घसारा निम्म्यावर, विमा निम्म्यावर. कर्ज तरी कुठल्या बिलावर मिळणार?

कोल्हापुरी_चप्पल

आयडीपीएमएसचं माहीत नव्हतं. सूचना मागे घेतो.

टॅरिफ_वाचक

सगळ्यांनी ७.५ टक्के गृहीत धरलंय. ते कुठून आलं ते आधी तपासा. वर्गीकरण चुकलं तर बाकी सगळी बेरीज वाया. भरणारी, बंद करणारी, सील करणारी यंत्रं कस्टम टॅरिफच्या शीर्षक ८४२२ मध्ये येतात. विक्रेता जो एचएस कोड देतो त्याचे पहिले सहा आकडे जगभर सारखे, पुढचे दोन भारताचे. त्यामुळे चिनी कोड दहा आकडी असला तरी शेवटचे आकडे इथे निरुपयोगी.

दर पाहताना दोन ठिकाणी पाहायचं: टॅरिफच्या पहिल्या अनुसूचीतला दर, आणि त्यावर सूट देणारी अधिसूचना. वर्षानुवर्षं सगळे ५०/२०१७ उघडायचे. १ नोव्हेंबर २०२५ पासून तिची आणि आणखी बऱ्याच अधिसूचनांची जागा ४५/२०२५ ने घेतली आहे. जुनी पीडीएफ उघडून बसू नका.

यंत्राबरोबर आणखी काय येतंय? सुटे भाग, कॉम्प्रेसर वगैरे?

हळद_उद्योग_सांगली

सीलिंग जॉचा एक जादा संच, हीटरच्या कांड्या, आणि एक छोटा एअर कॉम्प्रेसर. विक्रेता म्हणतो सगळं एका ओळीत टाकतो, 'पॅकिंग मशीन विथ ॲक्सेसरीज'.

डोंबिवली_फास्ट

एका ओळीतच ठेवा. जेवढ्या ओळी जास्त तेवढे प्रश्न जास्त.

टॅरिफ_वाचक

असहमत. ओळ एक की अनेक हे सोयीवर ठरत नाही. ॲक्सेसरीज (कंडिशन) नियम १९६३ आहेत: जे सुटे भाग यंत्राबरोबर सक्तीने दिले जातात आणि ज्यांचे वेगळे पैसे घेतलेले नाहीत, त्यांना यंत्राचाच दर. जादा जॉ आणि कांड्या यंत्राच्या किमतीतच असतील तर विक्रेत्याने तसं बिलावर स्पष्ट लिहावं, आणि प्रश्न मिटला. त्यांची वेगळी किंमत लावली असेल तर त्यांचं वर्गीकरण वेगळं.

कॉम्प्रेसरचं तसं नाही. तो ८४१४ मध्ये जातो. टॅरिफच्या विभाग सोळाच्या टीप ४ चा आधार घेऊन 'सगळं मिळून एकच कामाचा संच' असं म्हणता येतं, पण कॉम्प्रेसर कुठल्याही कामाला हवा पुरवतो, त्यामुळे वाद होऊ शकतो. वादासाठी सीएफएसमध्ये माल पडून राहण्यापेक्षा कॉम्प्रेसर वेगळ्या ओळीत, वेगळ्या किमतीसह दाखवावा. त्याहून सोपं म्हणजे तो इथेच विकत घ्यावा. कॉम्प्रेसर भारतात सहज मिळतो, दुरुस्तीही जवळ होते.

रोस्टर_पुणे

कॉम्प्रेसर इथेच घ्या याला दहा वेळा अनुमोदन. पंट्रोलमध्ये वाय-फाय किंवा ब्लूटूथ आहे का तेही विक्रेत्याला विचारा. असेल तर डब्ल्यूपीसीची (बिनतारी उपकरणांना परवानगी देणाऱ्या सरकारी विभागाची) मंजुरी लागते. रिमोट मॉनिटरिंग लागत नसेल तर ते मॉड्यूल काढूनच मागवा.

रोस्टर_पुणे

वर 'कंट्रोल पॅनलमध्ये' असं वाचावं.

लीड्सची_मावशी

विषय थोडा बाजूला नेते, माफ करा. सांगलीहून आमच्याकडे फराळाचं पार्सल येणार आहे, चार-पाच हजार रुपयांचं. इकडे काही भरावं लागेल का?

हिशेबनीस

मावशी, ब्रिटनमध्ये व्यक्तीकडून व्यक्तीला आलेली भेट ३९ पौंडांपर्यंत असेल तर आयात व्हॅट नाही, ड्युटी नाही. ३९ च्या वर व्हॅट, १३५ च्या वर ड्युटीसुद्धा. चार-पाच हजार रुपये म्हणजे त्या दिवशीच्या दराने ३९ च्या अलीकडे की पलीकडे, ते आधी बघा. पार्सल दोन घरांसाठी असेल तर प्रत्येकाचं नाव घालून वेगळं बांधा आणि फॉर्मवर वेगळं लिहा, मग मर्यादा प्रत्येकाची स्वतंत्र. दुकानातून थेट पाठवलेलं 'भेट' ठरत नाही; पाठवणारा माणूस हवा. व्हॅट लागला तर टपालवाले स्वतःची हाताळणी फी वेगळी घेतात. आणि पेढे-बर्फी नको, दुधाचे पदार्थ अडतात. फॉर्मवर 'फूड' एवढंच न लिहिता चकली, शंकरपाळे, वजन, किंमत असं लिहायला सांगा.

डोंबिवली_फास्ट

आणि उलट दिशेने? मुलगा तिकडून 'गिफ्ट' म्हणून काही पाठवेल तर?

टॅरिफ_वाचक

भारतात भेटवस्तूची ५,००० रुपयांची जुनी सवलत डिसेंबर २०१९ मध्ये संपली. राखी आणि जीवनरक्षक औषधं सोडली तर भेटीवर पूर्ण ड्युटी भरूनच माल येतो. वैयक्तिक मालाला शीर्षक ९८०४ लागतं, यंत्राच्या दराशी त्याचा संबंध नाही. हा दर अलीकडच्या अर्थसंकल्पांत बदललाय, तेव्हा त्या दिवशीचा पाहूनच हिशेब करा. ड्युटी १०० रुपयांपर्यंतच निघत असेल तर वसूल करत नाहीत.

कुरिअरने सुटा भाग मागवणाऱ्यांनीही एक लक्षात ठेवा. विमानाने आलेल्या मालात भाडं एफओबीच्या २० टक्क्यांपेक्षा जास्त धरता येत नाही. भाग २०० डॉलरचा, कुरिअर ९० डॉलरचं. ड्युटीसाठी भाडं फक्त ४० डॉलर. कुरिअर कंपनीने पूर्ण ९० वर ड्युटी लावली असेल तर दुरुस्ती मागा. त्यांची ड्युटी आगाऊ भरल्याची फी मात्र द्यावी लागते.

पनवेल_सीएचए

डॉलरच्या दराबद्दल कोणी बोललं नाही. कस्टमचा दर बँकेचा नसतो. कस्टमच्या आइसगेट पोर्टलवर जाहीर होतो, आयातीचा रकाना वेगळा, निर्यातीचा वेगळा. बिल ऑफ एंट्री ज्या दिवशी सादर झाली त्या दिवशी लागू असलेला दर धरायचा. जपानी येन आणि कोरियन वॉन यांचे दर १०० एककांचे असतात. एका येनचा समजून गुणाकार केला की आकडा शंभरपट फुगतो.

ड्युटीच्या टक्क्याची तारीख वेगळी. बिल ऑफ एंट्रीचा दिवस आणि जहाजाच्या एंट्री इनवर्डचा (माल उतरवायच्या परवानगीचा) दिवस, यांतला जो नंतरचा तो. त्यामुळे जानेवारीत भरलेली आगाऊ बिल ऑफ एंट्री अर्थसंकल्पाच्या तावडीतून सुटत नाही, जहाज फेब्रुवारीत लागलं तर नवा दर.

वेळेचंही गणित: जहाज येण्याच्या आदल्या दिवसाअखेर बिल ऑफ एंट्री सादर व्हायला हवी. उशीर झाला तर पहिले तीन दिवस रोज ५,००० रुपये, नंतर रोज १०,०००. आठ लाखांच्या मालाला हा फार मोठा मार आहे. एलसीएलमध्ये बीएलची प्रत विक्रेत्याकडून उशिरा येते म्हणून हे घडतं. शिल्लक रक्कम बीएलची प्रत पाहूनच देणार असं विक्रेत्याशी ठरवा, प्रत वेळेवर येते. ड्युटीचे पैसे आइसगेटच्या इलेक्ट्रॉनिक कॅश लेजरमध्ये आधी जमा ठेवा. भरायला उशीर झाला तर वार्षिक १५ टक्के व्याज.

उरणचा_पाटील

चीनवरून सवलतीचा दर मिळतो का ते पाहिलं का कोणी? आप्टा (आशिया-पॅसिफिक व्यापार) करार आहे.

टॅरिफ_वाचक

आहे, पण मोजक्याच वस्तूंना आणि बहुतेक ठिकाणी अंशतःच. ८४२२ ची ओळ त्या यादीत आहे का ते आठ आकड्यांपर्यंत जुळवून पाहावं. असेल तर मूळ देशाचं प्रमाणपत्र माल चढतानाच घ्या, आणि कॅरोटार २०२० (मालाचा मूळ देश सिद्ध करण्याचे नियम) प्रमाणे विक्रेत्याकडून उत्पादनाची माहितीही हाताशी ठेवा, कारण सवलत मागणाऱ्याने ती तयार ठेवायची असते. अँटी-डंपिंग शुल्कही (फार स्वस्तात येणाऱ्या परदेशी मालावरचं जादा शुल्क) त्याच बैठकीत तपासा. ते लागलं तर त्यावर समाजकल्याण अधिभार नाही, पण आयजीएसटीच्या पायात ते धरलं जातं.

हिशेबनीस

मूळ प्रश्नावर परत येतो, कारण सगळ्यात मोठा मुद्दा राहिलाय. ताई, जीएसटीमध्ये तुम्ही नियमित आहात की कंपोझिशनमध्ये (उलाढालीवर ठरावीक टक्के कर भरण्याच्या योजनेत)?

हळद_उद्योग_सांगली

कंपोझिशन.

हिशेबनीस

मग बँकेला देण्याच्या आकड्याइतकाच हाही निर्णय महत्त्वाचा. २,०५,६८३ मधले १,४४,५०१ आयजीएसटीचे आहेत. नियमित करदात्याला त्यांचं क्रेडिट (विक्रीच्या करातून वजावट) मिळतं. बिल ऑफ एंट्रीवर जीएसटीआयएन बरोबर असेल तर ते जीएसटी पोर्टलवरच्या जीएसटीआर-२बी विवरणात दिसतं. त्याचा खरा ड्युटीखर्च ६१,१८२ रुपये. कंपोझिशनमध्ये क्रेडिट नाही, तुमचा खर्च पूर्ण २,०५,६८३.

पण घाईने बाहेर पडू नका. मसाल्यांवर विक्रीचा कर ५ टक्के. कच्च्या मालाचं क्रेडिट अजिबात धरलं नाही तरी १,४४,५०१ वापरून संपायला २८.९ लाखांची विक्री लागेल. उलट्या कररचनेचा (खरेदीवरचा कर विक्रीवरच्या करापेक्षा जास्त असतानाचा) परतावा भांडवली मालाच्या क्रेडिटवर मिळत नाही, त्यामुळे ते खात्यात पडून राहू शकतं. आणि क्रेडिट घेतलं तर कराच्या त्या रकमेवर घसारा नाही. बाहेर पडायचंच असेल तर यंत्र येण्याआधी पडा. नंतर पडलात तर यंत्राचं क्रेडिट बिलाच्या तारखेपासून दर तिमाहीला ५ टक्क्यांनी कापून मिळतं, आणि क्रेडिट मागण्याचा आयटीसी-०१ फॉर्म तीस दिवसांत भरावा लागतो.

परदेशी ग्राहक असतील तर ईपीसीजी योजनेत (निर्यातीसाठी यंत्रं आणणाऱ्यांच्या योजनेत) ड्युटी माफ होते, पण वाचलेल्या ड्युटीच्या सहापट निर्यात सहा वर्षांत करावी लागते. निर्यातीची पक्की मागणी नसेल तर त्या वाटेला जाऊ नका.

हळद_उद्योग_सांगली

सगळ्यांचे मनापासून आभार. आता फाइलमध्ये असं लिहिते: यंत्र ७,२०,०००, भाडं १३,५००, विमा ८,१००, कस्टम २,०५,६८३, न्हावा शेवाचे शुल्क फॉरवर्डरच्या लेखी दराने पॅक केलेल्या पेटीच्या घनमीटरवर अधिक जीएसटी, एजंटची फी अधिक जीएसटी, ट्रक सांगलीपर्यंत. कॉम्प्रेसर इथूनच घेते. कंपोझिशनचं सीएंशी बोलून ठरवते. काही राहिलंय?

पनवेल_सीएचए

दोन गोष्टी. सीएफएसमधून ट्रक निघताना ई-वे बिल लागेल, दस्तऐवज म्हणून बिल ऑफ एंट्रीचा क्रमांक टाकायचा. ट्रकवाल्याला आधी सांगून ठेवा, गाडी गेटवर थांबली की वेळेचे पैसे लागतात.

दुसरं, विम्याची ओळ. ८,१०० हा नियमातला काल्पनिक आकडा आहे, तो कोणाला द्यायचा खर्च नाही. खरी पॉलिसी काढा आणि तिची प्रत लावा. समजा हप्ता १,१०० रुपये आला, तर असेसेबल व्हॅल्यू ७,३४,६०० आणि एकूण ड्युटी २,०३,७४१. ड्युटीत १,९४२ रुपये वाचतात, हप्ता त्यातूनच निघतो आणि यंत्राला विम्याचं संरक्षणही मिळतं. पॉलिसी गोदामापासून गोदामापर्यंतची घ्या, न्हावा शेव्यापर्यंतची नको.